विचारा की! : खिशात डॉलर नाही, आणि जहाज निघालं मुंबईला

मागच्या अंकात बर्फाची हकीकत लिहिली होती, म्हणजे १८३३ साली टस्कनी नावाचं जहाज बॉस्टनहून १८० टन बर्फ भरून कलकत्त्याला निघालं, चार महिन्यांनी पोचलं तेव्हा शंभरेक टन शिल्लक होता, आणि मग पुढच्याच वर्षी मुंबईतही अमेरिकन बर्फ यायला लागला. मला वाटलं लोक विचारणार बर्फ वितळला कसा नाही. कसलं काय! कोकणातला वाचक तो, बहुतेक सगळ्यांनी एकच विचारलंय, पैसे कोणी घातले, उधारी कोणाची, आणि बुडालं असतं तर कोणाच्या डोक्यावर. म्हणून यावेळचं सदर सगळं अमेरिकेतल्या जुन्या व्यापाऱ्यांच्या पैशांबद्दल, काळ साधारण १७५० ते १८४०. पत्रं जागेसाठी थोडी कापलीत, रागावू नका.

प्रश्न : मी सहकारी बँकेतून रिटायर झालो. अमेरिकेत पहिली बँक म्हणे स्वातंत्र्ययुद्धाच्या शेवटाला निघाली. मग त्याआधी शंभर-दीडशे वर्षं हे लोक इंग्लंडशी आणि वेस्ट इंडिजशी व्यापार करत होते तो बँकेशिवाय कसा? एवढी रोख आणायचे कुठून? (चिपळूण)

उत्तर : रोख नव्हतीच साहेब, तिथेच तर खरी मजा आहे. वसाहतींमध्ये चांदीची खाण नाही, इंग्लंड नाणी पाठवत नाही, आणि वसाहतींनी आपापल्या कागदी नोटा काढल्या तर १७६४ च्या कायद्याने पार्लमेंटने त्यांना कायदेशीर चलन म्हणून काढायला बंदी घातली. हातात जे नाणं दिसायचं ते स्पॅनिश डॉलर, मेक्सिको आणि पेरूच्या चांदीचं, वेस्ट इंडिजला मासळी, लाकूड, पीठ विकून मिळालेलं, आणि ते आलं की लंडनचं देणं फेडायला लगेच बोटीत चढायचं. मग धंदा चालायचा कशावर, तर वहीवर. लंडनचा घाऊक व्यापारी फिलाडेल्फियाच्या आयातदाराला कापड, खिळे, भांडी वर्षभराच्या उधारीवर द्यायचा, आयातदार आतल्या गावातल्या दुकानदाराला सहा-बारा महिन्यांच्या, आणि दुकानदार शेतकऱ्याला पीक निघेपर्यंत. म्हणजे शेतकऱ्याच्या बायकोच्या अंगावरच्या झग्याचे पैसे खरं तर लंडनच्या एखाद्या पेढीचे असायचे, आणि त्या बाईला त्या पेढीचं नावही माहीत नसायचं.

आता समुद्रापलीकडचं देणं फेडायचं कसं? त्याला बिल ऑफ एक्स्चेंज, आपली हुंडीच म्हणा. समजा फिलाडेल्फियाच्या एका व्यापाऱ्याने जमैकाला पिठाची पिंपं पाठवली. तिथल्या मळेवाल्याकडे पण रोख नाही, पण त्याची साखर लंडनच्या एका आडत्याकडे विकायला गेलेली आहे आणि तिथे त्याचे पैसे जमा होणार आहेत. तो लंडनच्या आडत्यावर हुंडी लिहून देतो, की ही बघितल्यापासून ६० दिवसांनी अमुकअमुक माणसाला २०० पौंड द्या. हा कागद जहाजाने फिलाडेल्फियाला येतो. तिथला व्यापारी मागे सही करून तोच कागद लंडनच्या कापडवाल्याला पाठवतो आणि आपली उधारी मिटवतो, किंवा गावातल्याच दुसऱ्या कुणाला लंडनला पैसे पाठवायचे असतील तर त्याला विकून टाकतो. साखर लंडनला गेली, पीठ जमैकाला गेलं, कापड फिलाडेल्फियाला आलं, आणि नाणं एकही हललं नाही.

तुम्ही बँकेतले म्हणून थोडं आतलं पण सांगतो. हुंडी एकच लिहीत नसत, तीन प्रती काढायचे, पहिली, दुसरी, तिसरी, आणि प्रत्येक वेगवेगळ्या जहाजाने पाठवायचे, कारण एखादं बुडणार, एखादं फ्रेंच पकडणार. प्रत्येकीवर लिहिलेलं असायचं की बाकीच्या दोन वटल्या नसतील तरच हिचे पैसे द्या. आपल्या पेढ्यांमध्ये मूळ हुंडी गहाळ झाली तर पेठ, पेठ गहाळ झाली तर परपेठ, तोच विचार, फक्त आपण हरवल्यावर दुसरी मागायचो आणि ते आधीच तिन्ही पाठवून मोकळे. आणि लंडनच्या आडत्याने नाही म्हटलं तर नोटरीकडून तसा दाखला करून हुंडी उलट्या वाटेने परत, आणि ज्याची ज्याची मागे सही आहे तो तो जबाबदार. पेनसिल्व्हेनियात वसाहतीच्या काळात अशा परत आलेल्या हुंडीवर २० टक्के भरपाई लागायची. म्हणून सही कोणाची आहे हे आधी बघायचे आणि रक्कम नंतर. हुंडणावळ, म्हणजे हुंडीचा भाव, पण रोज हलायची. हिशेबाचा ठरीव भाव एका पौंडाला ४ डॉलर ४४ सेंट, पण लंडनला पैसे पाठवणारे जास्त झाले की हुंडी महाग, निर्यातीचा हंगाम चांगला गेला की स्वस्त.

प्रश्न : आमची देवगडला हापूसची बाग आहे. मुंबईच्या मार्केटातला दलाल सीझनच्या आधी उचल देतो, मग पेट्या त्याच्याकडेच घालाव्या लागतात, आणि पट्टी येते तेव्हा भाव काय लावला, किती पेट्या खराब दाखवल्या, ते तोच ठरवणार. अमेरिकेत शेतकऱ्याला तरी बरा भाव मिळत होता का? (देवगड)

उत्तर : दादा, तुमचं पत्र वाचलं आणि लगेच व्हर्जिनियाचे तंबाखूवाले आठवले, नावंच काय ती बदलायची. तिथले मोठे मळेवाले तंबाखू लाकडी पिंपांत दाबून भरायचे, एकेक पिंप हजार पौंड वजनाच्या आसपास, आणि लंडनच्या आडत्याकडे पाठवून द्यायचे. माल विकला जाईपर्यंत तो मळेवाल्याचाच, म्हणजे वाटेत भिजला, भाव पडला, सगळं नुकसान त्याचं. आडत्या तो विकणार, त्यातून जहाजाचं भाडं, सरकारी जकात, गोदाम, हमाली, स्वतःचं कमिशन कापणार, आणि कित्येक महिन्यांनी हिशेबाचा कागद पाठवणार. तुमची पट्टीच ती. फरक एवढाच की तुम्ही निदान रात्रीची गाडी पकडून मार्केटला जाऊन भांडू शकता, त्यांना मध्ये अटलांटिक महासागर आडवा.

आणि वर खरी मेख काय, तर त्याच आडत्याकडून मळेवाले घरचं सामान मागवायचे. बूट, खुर्च्या, बायकोचे रेशमी कपडे, दारू, घोडागाडी, सगळं त्याच्या खात्यावर. तंबाखूचे पैसे कमी पडले की बाकी पुढच्या वर्षावर, वर व्याज. खुद्द जॉर्ज वॉशिंग्टन लंडनच्या रॉबर्ट कॅरी कंपनीकडे माल पाठवायचा, आणि १७६४ च्या सुमाराला त्याला कळलं की आपण त्यांचे १८०० पौंडांच्या आसपास देणं लागतो. त्याने खूप तणतणाट केला, पत्रांतून तक्रारी केल्या की माझ्या तंबाखूला शेजाऱ्यापेक्षा कमी भाव कसा आणि तुम्ही पाठवलेलं सामान जुनं आणि महाग कसं, पण शेवटी त्याने जे केलं ते मला जास्त पटतं, १७६६ च्या आसपास त्याने माउंट व्हर्ननवर तंबाखूच बंद केली आणि गहू लावला, जो तिथल्या तिथे दळून विकता येत होता. पुढे राष्ट्राध्यक्ष झालेल्या जेफर्सनला ते जमलं नाही. त्याला सासऱ्याच्या इस्टेटीबरोबर सासऱ्याचं इंग्लंडमधलं कर्जही आलं, आणि त्याने लिहून ठेवलंय की ही कर्जं बापाकडून मुलाकडे जात जात मळेवाले म्हणजे लंडनच्या काही पेढ्यांची मालमत्ताच होऊन बसले. १८२६ ला गेला तेव्हा डोक्यावर एक लाख डॉलरच्या वर कर्ज होतं, आणि ते फेडायला पुढच्या वर्षी त्याच्या मळ्यावरच्या गुलाम माणसांचा लिलाव झाला. कर्ज त्याचं, आणि घरंदारं, पोरंबाळं तुटली ती त्यांची.

एक तारीख मात्र लक्षात ठेवा, जून १७७२. लंडनचा फोर्डाईस नावाचा बँकवाला ईस्ट इंडिया कंपनीच्या शेअरवर सट्टा खेळून बुडाला आणि फ्रान्सला पळाला. त्याची पेढी बसली, पाठोपाठ स्कॉटलंडची एअर बँक बसली, आणि लंडन-ग्लासगोच्या सगळ्या व्यापाऱ्यांनी एकदम अमेरिकेतली वसुली सुरू केली. उचल बंद, जुनी बाकी आत्ताच्या आत्ता द्या. याच धक्क्यात ईस्ट इंडिया कंपनीची पण हालत खराब झाली, तिचा गोदामात पडलेला चहा खपवायला १७७३ चा चहा कायदा आला, आणि बॉस्टनच्या बंदरात काय झालं ते शाळेत शिकलोच आहोत आपण. व्हर्जिनियाच्या लोकांची ब्रिटिश कर्जं मात्र स्वातंत्र्याने सुटली नाहीत, १७८३ च्या तहात कलम घालून घेतलं होतं इंग्रजांनी, आणि १८०२ साली अमेरिकन सरकारने ६ लाख पौंड देऊन तो विषय मिटवला. तेव्हा सीझन संपला की दलालाचा हिशेब लेखी मागून घ्या आणि पुढची उचल घ्यायच्या आधी एकदा बेरीज करा, एवढंच मी म्हणेन.

प्रश्न : काका, माका एक समजत नाय. स्वातंत्र्य मिळाल्यार ह्येंच्याकडे पैशे नाय, बँक नाय, मगे हे थेट चीनाक नि मुंबैक जहाजा कशी काय पाठवक लागले? नि हय येवन माल घेताना पैशे खयसून आणीत? (मालवण)

उत्तर : अरे बाबा, पैसे नव्हते म्हणूनच पाठवायला लागले! स्वातंत्र्य मिळालं तसं १७८३ मध्ये इंग्लंडने आपल्या वेस्ट इंडिजची बंदरं अमेरिकन जहाजांना बंद केली. म्हणजे मी वर सांगितलं ना, पीठ-साखर-हुंडी, ती साखळीच तुटली. जहाजं उभी, खलाशी रिकामे, लंडनचं देणं तसंच. मग पूर्वेकडे बघितलं. २२ फेब्रुवारी १७८४ ला न्यूयॉर्कहून एम्प्रेस ऑफ चायना निघालं, त्यात काय भरलं होतं तर जिनसेंगची मुळं सुमारे ३० टन, जी अमेरिकेच्या जंगलात फुकट उगवतात आणि चिनी लोक औषध म्हणून वाटेल ते पैसे देऊन घेतात, थोडी फर, शिसं, आणि २० हजार स्पॅनिश डॉलर. एकूण भांडवल १ लाख २० हजारांच्या घरातलं, त्यात फिलाडेल्फियाचा रॉबर्ट मॉरिस मोठा भागीदार. मे १७८५ ला चहा, रेशीम, चिनी मातीची भांडी घेऊन परत आलं आणि पाव हिस्सा नफा झाला. त्याआधीच, डिसेंबर १७८४ मध्ये, युनायटेड स्टेट्स नावाचं फिलाडेल्फियाचं जहाज पाँडिचेरीला लागलं, भारतात आलेलं पहिलं अमेरिकन जहाज ते. आणि १७८८ च्या सुमाराला सेलमच्या एलियास डर्बीचं अटलांटिक सुरत आणि मुंबईला आलं.

सेलम म्हणजे मॅसॅच्युसेट्समधलं छोटं बंदर, आकाराने फार मोठं नाही, पण माणसं सगळी दर्यावर्दी. तिथली पद्धत मला फार आवडते. जहाज एकाच्या मालकीचं क्वचित, भाग पाडलेले असायचे, कोणाचा आठवा, कोणाचा सोळावा. कप्तानाला पगार थोडा, पण मालावर कमिशन आणि जहाजात स्वतःचा माल ठेवायला ठरावीक जागा, खलाशालाही छोटीशी. आणि गावातले शेजारीपाजारी, अगदी विधवा बाया सुद्धा, कप्तानाच्या हातात थोडे थोडे डॉलर द्यायचे, की बाबा तिकडे जे फायद्याचं वाटेल ते घे माझ्या नावाने, किंवा एक शाल आण आणि उरलेल्याचा मिरी-मसाला. कप्तान प्रत्येकाचं वेगळं लिहून ठेवायचा आणि वर्ष-दीड वर्षाने परत आल्यावर हिशेब द्यायचा. पावतीवर एक-दोन ओळी, बस. ना तारण ना जामीन, कारण कप्तान त्याच गल्लीत राहायचा आणि त्याची बायको-मुलं तिथेच होती.

आता तुझा मुख्य प्रश्न, मुंबईत द्यायचे काय? अमेरिकेतला माल आपल्याकडे फारसा कोण घेणार, तेव्हा आणायची चांदीच. पण ती थेट घरून नाही. जहाज आधी पीठ, मासळी, तंबाखू घेऊन स्पेन-पोर्तुगालकडे जायचं, तिथे विकून स्पॅनिश डॉलरच्या पेट्या भरायच्या, वाटेत मदिरा बेटावर दारूची पिंपं घ्यायची, जी मुंबई-कलकत्त्याच्या साहेबलोकांत खपायची, मग मॉरिशसला थांबून भाव बघायचा, आणि मग इकडे. मालाबरोबर एक कारभारी असायचा, त्याला सुपरकार्गो म्हणायचे, मालकाने त्याला पत्र दिलेलं असायचं की अमुक बंदरात भाव पडला असेल तर तमुक ठिकाणी जा, आणि शेवटी तुझ्या अकलेने कर. दुसरं काय लिहिणार, उत्तर यायला वर्ष लागणार. इंग्रजांनी पण १७९४ च्या, जॉन जे याच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या तहात अमेरिकन जहाजांना हिंदुस्थानातल्या आपल्या बंदरांत व्यापाराची सवलत दिली, कारण चांदी कोणाला नको? मुंबईत त्यांचं काम बघायचे पारशी व्यापारी. त्यातले नसरवानजी माणेकजी वाडिया यांचं चित्र सेलमच्या कप्तानांनी नेऊन आपल्या संग्रहालयात लावलं, ते अजून तिथे आहे. परदेशातल्या दलालाचं चित्र घरी नेऊन टांगावं एवढा विश्वास, ही गोष्ट मला त्या सगळ्या चांदीच्या पेट्यांपेक्षा जास्त बोलकी वाटते.

आणि जहाज बुडालं तर? विमा होता. आधी कॉफी हाउसमध्ये व्यापारी एकेक करून कागदाखाली आपलं नाव आणि रक्कम लिहायचे, मग १७९२ ला फिलाडेल्फियात इन्शुरन्स कंपनी ऑफ नॉर्थ अमेरिका निघाली. याशिवाय माल तारण ठेवून कर्ज घ्यायची एक पद्धत होती, त्यात जहाज सुखरूप पोचलं तरच कर्ज फेडायचं, बुडालं तर सावकाराचं पण बुडालं. अर्थात व्याज तसंच दणदणीत. आपल्या पश्चिम किनाऱ्यावर जोखमी हुंडी चालायची ती अगदी याच जातीची, माल बंदराला लागला तर हुंडी वटणार, नाहीतर लिहून घेणाऱ्याचं नशीब. तिकडे नि इकडे, समुद्राशी गाठ पडलेल्या लोकांना एकच युक्ती सुचली.

प्रश्न : अमेरिकन कप्तानाने आपल्याकडून हत्ती नेला होता हे खरं का? मुलगा विचारतोय. (गुहागर)

उत्तर : खरं. जेकब क्राउनिनशील्ड, सेलमचाच, कलकत्त्याहून, १७९६ ला न्यूयॉर्कमध्ये उतरवला. घेतला ४५० डॉलरला आणि विकला १० हजाराला. असा नफा मिरीत पण क्वचित.

प्रश्न : मी रत्नागिरीला बीकॉम करतेय. आमच्या पुस्तकात फक्त एवढंच आहे की हॅमिल्टनने बँक काढली. पण उधारी-हुंडीवर सगळं चाललंच होतं तर व्यापाऱ्यांना बँक हवी कशाला होती? (रत्नागिरी)

उत्तर : छान प्रश्न विचारलास गं. हुंडीचा एक त्रास असा की ती मुदतीची असते. तुझ्या हातात ६० दिवसांनी वटणारा चांगला कागद आहे, पण मजुरांना पगार आज द्यायचाय, जकात उद्या भरायचीय. तो कागद घेऊन व्याज कापून आज पैसे देणारा कोणीतरी हवा. बँक काढली ती व्यापाऱ्यांनी, व्यापाऱ्यांसाठी, याच कामाला. शेतकऱ्याला वर्षभराचं कर्ज द्यायला नाही, ते तर बरेचदा देतच नसत, तीस-साठ दिवसांच्या कागदावर मधल्या मुदतीचे पैसे, की पुन्हा फिरवायला मोकळे.

पहिली बँक ऑफ नॉर्थ अमेरिका, फिलाडेल्फियाची, १७८१ ला मंजुरी, जानेवारी १७८२ ला कामकाज सुरू. काढणारा तोच रॉबर्ट मॉरिस, युद्धाच्या काळात देशाचा खजिना सांभाळणारा, आणि अध्यक्ष त्याचा धंद्यातला भागीदार थॉमस विलिंग. भांडवल ४ लाख डॉलर ठरलं, पण लोक शेअर घेईनात. मग वाचवलं कोणी, तर फ्रान्सने. फ्रेंच सरकारने कर्ज म्हणून पाठवलेली चांदी बॉस्टनला उतरली, आणि ती बैलगाड्यांवर लादून फिलाडेल्फियाला आणली, समुद्राने आणली असती तर इंग्रजांनी पकडली असती ना. साडेचार लाख डॉलरच्या वरची चांदी, ओकच्या लाकडाच्या पेट्यांत ठोकून बंद केलेली, आणि बैलांच्या जोड्या महिना-दोन महिने चालल्या. त्यातले अडीच लाखांच्या आसपास सरकारचा भाग म्हणून बँकेत घातले आणि त्यावर बँक उभी राहिली. १७८४ ला बँक ऑफ न्यूयॉर्क, तिचे नियम हॅमिल्टनने, म्हणजे पुढे देशाचा पहिला अर्थमंत्री झाला त्याने, लिहिले, त्याच वर्षी बॉस्टनची मॅसॅच्युसेट्स बँक. आणि तुझ्या पुस्तकातली ती १७९१ ची, बँक ऑफ द युनायटेड स्टेट्स, भांडवल १ कोटी डॉलर, मुदत वीस वर्षांची, अध्यक्ष पुन्हा तोच विलिंग.

आता पुस्तकात नसतं ते ऐक. या बँकांतून कर्ज मिळायचं मुख्यतः डायरेक्टरांना आणि त्यांच्या सोयऱ्यांना. याला कोणी घोटाळा पण म्हणत नसे फारसं, कारण ज्याने भांडवल घातलं तोच गिऱ्हाईक. सोयरिकी बघ कशा होत्या, विलिंगची मुलगी फिलाडेल्फियाच्या बिंगहॅमला दिलेली, आणि त्या बिंगहॅमची मुलगी १७९८ साली लंडनच्या बेरिंग पेढीतल्या अलेक्झांडर बेरिंगला दिली. पाच वर्षांनी अमेरिकेने फ्रान्सकडून लुइझियाना दीड कोटी डॉलरला विकत घेतलं तेव्हा त्याचे रोखे युरोपात खपवले कोणी? बेरिंग आणि ॲमस्टरडॅमची होप कंपनी. आपल्याकडे पत्रिका जुळवतात, त्यांनी खतावण्या जुळवल्या!

१८११ ला या बँकेची मुदत काँग्रेसने वाढवली नाही. तेव्हा स्टीफन जिरार्ड नावाच्या फिलाडेल्फियाच्या जहाजवाल्याने, हा मूळचा फ्रान्समधल्या बोर्डोचा, त्याच्या जहाजांची नावं व्हॉल्तेर, रूसो, मॉन्टेस्क्यू अशी, त्याने ती इमारतच विकत घेतली आणि १८१२ पासून स्वतःच्या नावाने बँक चालवायला लागला. एकट्या माणसाची बँक. आणि १८१३ मध्ये इंग्लंडशी युद्ध चालू असताना सरकारचं दीड कोटीच्या वरचं कर्ज कोणी घेईना, तेव्हा जिरार्ड, ॲस्टर आणि पॅरिश या तिघा व्यापाऱ्यांनी मिळून त्यातला मोठा भाग उचलला. परीक्षेत हे येणार नाही, पण लक्षात ठेव.

प्रश्न : आमचा वेंगुर्ल्याला काजूचा कारखाना आहे. आफ्रिकेतून कच्ची बी येते, एलसी उघडताना बँक एवढी नाचवते की विचारू नका. ही एलसीची भानगड कोणी काढली? (वेंगुर्ला)

उत्तर : व्यापाऱ्यांनीच काढली, आणि बँकेत बराच काळ इम्पोर्टच्या टेबलावर बसलेला माणूस म्हणून सांगतो, नाचवणं तेव्हाही होतंच. पतपत्र, म्हणजे लेटर ऑफ क्रेडिट, तुमची एलसी, आधीपासून होती युरोपात, पण अमेरिकेच्या परदेशी व्यापारात तिचा मोठा धंदा केला तो बेरिंगनी आणि ब्राउन घराण्याने. अलेक्झांडर ब्राउन हा आयर्लंडहून १८०० साली बाल्टिमोरला आला, लिननचं कापड विकायचा. त्याला चार मुलगे. १८१० ला विल्यम लिव्हरपूलला बसला, १८१८ ला जॉन फिलाडेल्फियाला, १८२५ ला जेम्स न्यूयॉर्कला, जॉर्ज बापाजवळ. म्हणजे कापूस जिथून निघतो ती बाजू घरची, जिथे विकला जातो ती बाजू पण घरची, आणि हुंडी एका भावाने लिहायची, दुसऱ्याने सकारायची, म्हणजे पैसे द्यायचं मान्य करायचं. हळूहळू कापड मागे पडलं आणि लोक त्यांच्याकडे नुसती सही मागायला यायला लागले.

चालायचं असं. न्यूयॉर्कच्या कोणाला चीनमधल्या कँटन बंदरातून चहा आणायचाय. चिनी व्यापारी त्याला ओळखत नाही, का ओळखेल? पण लंडनची बेरिंग पेढी सगळ्या जगाला माहीत. मग हा बेरिंगकडून पत्र घेतो की याच्या सुपरकार्गोने आमच्यावर १० हजार पौंडांपर्यंत हुंड्या लिहाव्यात, आम्ही सकारू. बेरिंग यात रोख काही घालत नाही, फक्त नाव देते आणि कमिशन घेते. चहा येतो, विकला जातो, हुंडीची मुदत भरायच्या आत न्यूयॉर्कवाला लंडनला पैसे पोचवतो. तुमची बँक करते ते याहून वेगळं नाही, फक्त कागदं वाढलीत.

आणि यात आपली मुंबई कुठे येते ते बघा, कारण हे फार कोणी सांगत नाही. १८२० नंतर अमेरिकन लोक कँटनला चांदी नेणं कमी करत गेले आणि लंडनवरच्या हुंड्या द्यायला लागले. पण चिनी व्यापाऱ्याला लंडनच्या कागदाचं काय करायचंय? त्या कागदाला गिऱ्हाईक होतं दुसरं, अफूवाले. माळव्याची अफू मुंबईहून जायची, जमशेटजी जीजीभॉय, मोतीचंद अमीचंद, आणि आपले कोकणी मुसलमान जहाजमालक महमद अली रोगे हे त्या व्यापारात भागीदार होते. कँटनला अफू विकून चांदी हातात आली की ती मुंबईला किंवा लंडनला पोचवायची कशी? जहाजात घालून न्यायची तर जोखीम आणि विमा. त्यापेक्षा अमेरिकन माणसाची बेरिंगवरची हुंडी विकत घ्यायची. म्हणजे अमेरिकन माणसाच्या चहाचे पैसे हिंदुस्थानच्या अफूने दिले आणि हिशेब लंडनला मिटला. बॉस्टनचे पर्किन्स वगैरे तर तुर्कस्तानची अफू स्वतःच चीनला नेत होते, सोवळे कोणीच नव्हते. पुढे याच लोकांच्या नावाने दोन्ही देशांत हॉस्पिटलं नि शाळा निघाल्या, त्यांचं मोठेपण नाकारायचं नाही, पण वहीचं ते पान पण वाचावं.

ही सगळी साखळी एका गाठीवर होती, लंडनवर. १८३६ मध्ये बँक ऑफ इंग्लंडने व्याज वाढवलं आणि अमेरिकन कागद वटवायला हात आखडला, तशी १८३७ मध्ये अमेरिकन व्यापाराची लंडनमधली तीन मोठी घरं, विगिन, विल्सन आणि वाइल्ड्स, बसली. लिव्हरपूलचे ब्राउन पण बसलेच असते, त्यांना बँक ऑफ इंग्लंडने सुमारे २० लाख पौंडांपर्यंत उचल मंजूर केली तेव्हा ते तगले. तुमची बँक कटकट करते ना, ती या तीन घरांच्या आठवणीने करते असं समजा आणि कागद वेळेत द्या.

प्रश्न : तुम्ही या व्यापाऱ्यांचं कौतुकच जास्त करता. गुलामांच्या व्यापारावर हे मोठे झाले ते का लिहीत नाही? (दापोली)

उत्तर : लिहितो की. न्यू इंग्लंडची मासळी आणि पीठ वेस्ट इंडिजला जायचं ते तिथल्या गुलामांच्या पोटात, आणि त्या गुलामांच्या साखरेवर ती हुंडी लिहिलेली असायची जी मी वर समजावून सांगितली. म्हणजे गुलामांचं जहाज ज्याने कधी पाठवलं नाही त्याचाही कागद त्यांच्याच घामावर वटत होता. आणि पाठवणारे पण होते. प्रॉव्हिडन्सच्या ब्राउन भावांनी, हे बाल्टिमोरवाले नव्हेत, १७६४ साली सॅली नावाचं जहाज रम भरून आफ्रिकेला पाठवलं, १९६ माणसं विकत घेतली, त्यातली निदान १०९ वाटेत किंवा पोचता पोचता मेली. हे सगळं जहाजाच्या हिशेबाच्या वहीत ओळीने लिहिलंय, रमच्या गॅलनच्या शेजारी. त्या घराण्याच्या नावाचं विद्यापीठ आज आहे आणि त्यांनीच हा इतिहास उघड करून छापला.

प्रश्न : एवढे मोठे व्यापारी, मग दिवाळं निघालं की काय व्हायचं? (अलिबाग)

उत्तर : तुरुंग. रॉबर्ट मॉरिस, ज्याने युद्धाला पैसे उभे केले, पहिली बँक काढली, चीनला जहाज पाठवलं, तो पुढे जमिनीच्या सट्ट्यात पडला, लाखो एकर पडीक जमीन उधारीवर घेत सुटला, गिऱ्हाईक आलंच नाही, आणि १७९८ ला फिलाडेल्फियाच्या कर्जदारांच्या तुरुंगात गेला. साडेतीन वर्षं आत होता. वॉशिंग्टन फिलाडेल्फियाला आला तेव्हा तुरुंगात जाऊन त्याच्याबरोबर जेवला. १८०० साली दिवाळखोरीचा कायदा झाला, त्याखाली १८०१ ला सुटला. १७९२ मध्ये बँकेच्या शेअरचा सट्टा करून बाजार पाडणारा विल्यम डुअर मात्र सुटला नाही, १७९९ ला कैदेतच गेला. म्हणजे सही चालेनाशी झाली की माणूस पण चालेनासा.

प्रश्न : आमच्या आजोबांच्या पेटीत मोडीत लिहिलेले, शिक्के मारलेले जुने कागद सापडले, एक जण म्हणाला हुंड्या आहेत. पैसे मिळतील का? (राजापूर)

उत्तर : नाही हो. तुमच्या घरात आहेत म्हणजे बहुतेक वटून परत आलेले खोखे असणार, आणि नसले तरी मुदतीचा कायदा तीन वर्षांचा, तो कधीच उलटून गेला. पण टाकू नका. सेलमच्या लोकांचं आपल्याला एवढं बारीकसारीक माहीत आहे ते का, तर १७९९ साली तिथल्या कप्तानांनी ईस्ट इंडिया मरीन सोसायटी काढली, केप ऑफ गुड होप किंवा केप हॉर्न ओलांडलेल्यालाच सभासदत्व, आणि प्रत्येक कप्तानाला कोरी वही द्यायची, सफरीहून आला की भरून जमा करायची. आपल्याकडच्या पेढ्यांच्या वह्या वाळवीने खाल्ल्या किंवा रद्दीत गेल्या. तेव्हा मोडी वाचणारा गाठा, आता बऱ्याच ठिकाणी वर्ग चालतात, कोणी कोणाला कुठून कुठे किती पाठवले ते वाचून घ्या, चांगल्या उजेडात फोटो काढा आणि कागद कोरड्या जागी सपाट ठेवा. आणि मेहेरबानी करून लॅमिनेशन करू नका, पुढच्या पावसाळ्यात आतच बुरशी धरेल.